गावच्या घरात एकटीनं राहायचंय? आधी एक पावसाळा काढा

पत्र असं आहे, थोडं छोटं करून देतेय:

"ताई, मी ५४ वर्षांची, लग्न केलं नाही, डोंबिवलीत राहते. आई अकरा वर्षं आजारी होती, तिचं सगळं मीच केलं, शेवटी नोकरी पण सोडली. मागच्या आषाढात ती गेली. संगमेश्वर तालुक्यात देवरुखच्या वरच्या बाजूला आमचं कौलारू घर बंद पडून आहे. दिवाळीत तिथे आठ दिवस राहिले, परत डिसेंबरात राहिले. सकाळी पडवीत बसून पक्षी ऐकायचे, दुपारी देवराईत जाऊन बसायचे, कुणाशी बोलायची गरजच पडली नाही. इतकं बरं मला कित्येक वर्षांत वाटलं नव्हतं. आता फ्लॅट विकून कायमचं तिकडेच जायचं ठरवतेय. भाऊ म्हणतो डोकं फिरलंय, आणि वर म्हणतो घर सगळ्यांचं आहे. मैत्रीण म्हणते तू पळतेयस. खरंच पळतेय का मी? एकट्या बाईनं असं रानात राहणं वेडेपणा आहे का? – एक रानवेडी"

रानवेडी ताई,

उत्तर आधीच देऊन टाकते: जा. पण फ्लॅट विकू नका आणि 'कायमचं' हा शब्द सध्या बाजूला ठेवा. मिरगाच्या आधी जा, गणपतीपर्यंत राहा, मग पुढचं बोलू.

तुम्ही बघितलंय ते दिवाळीतलं आणि डिसेंबरातलं घर. त्या दिवसांत कोकण कुणालाही आवडतं हो. भात कापून झालेलं असतं, पाणंद सुकलेली, वहाळाला पाणी, थंडीचे पाहुणे पक्षी आलेले, आणि सगळ्यात मुख्य म्हणजे तुम्हाला आठ दिवसांनी परत यायचं असतं त्यामुळे कोपऱ्यातली वाळवी दिसली तरी बघू पुढच्या वेळी म्हणून सोडून देता येते. देवरुखच्या वर म्हणजे सह्याद्रीच्या पायथ्याशीच, तिथे चार महिन्यांत ३००० मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो. आकडा सोडा, त्याचा अर्थ सांगते. कपडे आठवडा आठवडा वाळत नाहीत आणि मग चुलीच्या धगीवर धरून घालावे लागतात, त्याला तो धुराचा वास. पर्सला हिरवी बुरशी. मीठ पाझरतं, काड्यापेटी पेटत नाही, पुस्तकांची पानं फुगतात. न्हाणीत बेडूक, बेडकामागे दिवड साप. आणि वांदर! वांदरांचा कळप दुपारी घरावरून गेला की दोन-चार कौलं सरकतात, आणि संध्याकाळी पाऊस आला की गळती बरोबर तुमच्या उशीवर. भांडं लावायचं, झोपायचं, भांडं भरलं की उठायचं. कौलं चाळायला माणूस मे महिन्यातच गाठावा लागतो, जूनमध्ये कुणी येत नाही, सगळे पेरणी-लावणीत असतात. लाकूडफाटा, शेणी, तांदूळ, कुळीथ, आमसुलं, सुकी मासळी खात असाल तर ती, सिलिंडर दोन, ही सगळी आगोटीची तयारी मेमध्येच. विहिरीत एकदा पोटॅशियम परमँगनेट नाहीतर ब्लिचिंग टाकून घ्या, ग्रामपंचायतीला विचारलं तर तेच देतात बहुतेक ठिकाणी.

लाईट जाणार हे तर धरूनच चाला. २०२० च्या जूनमध्ये निसर्ग वादळ आलं तेव्हा दापोली-मंडणगडकडच्या कित्येक गावांत आठवडेच्या आठवडे वीज नव्हती, ती मोठी गोष्ट झाली म्हणून बातमीत आली, पण फांदी पडून तीन दिवस काळोख ही बातमी पण होत नाही. फोन चार्ज ठेवायला छोटा सोलर घ्या.

आता एवढं सगळं सांगून पण मी पावसाळ्यातच जा म्हणतेय त्याला अजून एक कारण आहे, आणि ते घाबरवणारं नाहीये. तुम्हाला पक्ष्यांची खरी आवड आहे ना? मग डिसेंबरात तुम्ही अर्धंच ऐकलंत. मेच्या शेवटी वळवाचे ढग भरायला लागले की नवरंग येतो. एवढासा, शेपूट तोडल्यासारखी आखूड, पाठ हिरवी, पंखावर निळा चमकता डाग, शेपटीखाली कुंकू सांडल्यासारखं लाल. झाडावर शोधत बसू नका, फणसाखालच्या पाचोळ्यात बघा, पानं उलटत किडे खात टुणटुण फिरत असतो. भल्या पहाटे दोन सुरांची शीळ घालतो, एक वर एक खाली, आणि एकानं घातली की वहाळापलीकडून दुसरा. त्याच आठवड्यात काजवे. म्हणजे पूर्ण झाडच्या झाड एकदम लुकलुकतं आणि एकदम विझतं, फोनमध्ये येत नाही ते, प्रयत्न पण करू नका. हे बघायला कुणी चाकरमानी नसतो, सगळे मेच्या शेवटी मुंबईला गेलेले असतात. तर हे आणि उशीवरची गळती, दोन्ही एकत्र झेपतंय का हे तुम्हाला एका पावसाळ्यात कळेल.

आता पळण्याचं. मैत्रिणीला म्हणावं, हो पळतेय, मग? अकरा वर्षं ज्या बाईला रात्री दोनला हाक आली की उठावं लागलं, तिला कुणीही हाक मारणार नाही अशी जागा हवीशी वाटणारच. त्यात वेडेपणा काही नाही. पण पत्रात तुम्ही "कुणाशी बोलायची गरजच पडली नाही" असं लिहिलंय, आणि पुढे एक ओळ होती ती मी वर छापली नाहीये, जेवायचं लक्षातच राहत नाही अशी. ती मला खटकली. माणसांचा कंटाळा येणं वेगळं, कशाचंच काही न वाटणं वेगळं. तुमचं तुम्हीच बघा, सकाळी उठल्यावर पक्षी ऐकावासा वाटतो का? वाटत असेल तर ठीक, जा खुशाल. पक्ष्यांचं पण काही वाटेनासं झालं असेल, झोप उडाली असेल, दिवसच्या दिवस अंथरुणातच जात असतील तर आधी डोंबिवलीतच डॉक्टर गाठा, नाहीतर १४४१६ वर फोन करा, सरकारी टेलीमानस आहे, फुकट आहे, मराठीत बोलतात. ते झाल्यावर मग कोकण. दुःख बरं करायचं काम रानावर टाकू नका, रानाला त्याची स्वतःची कामं असतात.

आणि ते एकटं राहण्याचं म्हणाल तर मला एक सांगा, भाकरी कोण आणणार?

हसू नका, सांगते. तुकोबा देहूहून भंडाऱ्याच्या डोंगरावर जाऊन बसायचे हे आपल्याला सगळ्यांना पाठ आहे, एकांत म्हटलं की तेच आठवतं. पण त्यांची बायको जिजाई भाकरी घेऊन तो डोंगर चढायची, उन्हातान्हात, तिच्या पायात काटा मोडला आणि विठ्ठलानं काढला ती कथा आहे ना, ती कीर्तनात सांगतात तेव्हा लोक विठ्ठलाकडे बघतात, मी त्या भाकरीकडे बघते. कुणीतरी चढून येणारं होतं. आणि संध्याकाळी ते स्वतः खाली उतरून देहूत कीर्तनाला उभे. आपल्या काळातलं घ्यायचं तर मारुती चितमपल्ली. उभी नोकरी वनखात्यात, नवेगाव, नागझिरा, मेळघाट, रानात राहणारा माणूस म्हणून महाराष्ट्र त्यांना ओळखतो. पण नवेगावच्या तळ्यावरचे मासेमार ढीवर, रानातले आदिवासी, यांच्याकडून आपण किती शिकलो हे ते सारखं सांगायचे. आणि म्हातारपणी ते सोलापुरात पुतण्याच्या घरी येऊन राहिले, तिथेच २०२५ च्या जूनमध्ये गेले, पद्मश्री मिळाली त्याच वर्षी. रानात एकटी दिसणारी माणसं अशी असतात. तुमची जिजाई कोण आणि तुमचा पुतण्या कोण, हे जायच्या आधी ठरवा. पुतण्या नसेल तर पैसे. म्हणून तर फ्लॅट विकू नका म्हणतेय. अकरा महिन्यांचं लिव्ह अँड लायसन्स करून भाड्यानं द्या, भाडं येत राहील आणि वर्षभरात मन फिरलं तर जिना चढून स्वतःच्या घरात शिरता येईल.

आमच्या आईची एक मावशी होती, लांज्याजवळच्या एका वाडीत एकटी राहायची, नवरा तरुणपणीच गेलेला, मूल नाही. स्वभावाने तिरसट, कुणाकडे चहाला सुद्धा जायची नाही. पण रोज उजाडता उजाडता पडवीचं दार सताड उघडून अंगणात सडा घालायची, आजारी असली तरी. आम्हाला लहानपणी वाटायचं देवाधर्माचं काहीतरी असेल. तसलं काही नव्हतं. पाखाडीच्या वरच्या घरातली वहिनी रोज पाणी भरायला खाली उतरताना ते दार बघायची. दार उघडं, सडा ओला, म्हणजे म्हातारी बरी आहे. एकमेकींशी शब्द नाही, वर्षानुवर्षं. एका श्रावणात दार बंद दिसलं तशी कळशी तिथेच ठेवून ती आत शिरली, तर मावशी न्हाणीत पाय मोडून पडलेली. वाडीतल्या चार पोरांनी खाटेवर घालून डांबरी रस्त्यापर्यंत नेली. मला तुमच्यासाठी नेमकं हेच हवंय. गप्पा मारायची गरज नाही, गावात मिसळून वगैरे जायची पण जबरदस्ती नाही, पण तुमचं दार कुणाच्या तरी वाटेवर हवं आणि त्या कुणाला तरी ते माहीत हवं. पहिल्या आठवड्यात जवळच्या घरात जाऊन सरळ सांगा, वहिनी मी एकटीच आहे, सकाळी आठपर्यंत दार उघडलं नाही तर एक हाक मारा. त्यांना भारी वाटेल. आणि त्यांची पोरं मुंबईला असली तर तुम्ही पण त्यांचं दार बघा.

एक मात्र आहे, शहरातला एकटेपणा आणि गावातला यात गल्लत करू नका. डोंबिवलीत तुम्ही महिनाभर कुणाशी बोलला नाहीत तर कुणाला पत्ता नाही. गावात तुम्ही दुपारी राईत जाऊन बसलात हे संध्याकाळी वस्तीच्या एसटीच्या ड्रायव्हरला पण माहीत असतं. "एकट्याच? घरी कोण कोण असतं? मुंबईची जागा ठेवलीय की दिली? सरकारी होती काय नोकरी?" हे होणार. चिडू नका. तिथे नवीन माणसाशी असंच बोलणं सुरू होतं. एकच उत्तर तयार ठेवा आणि सगळ्यांना तेच द्या, वेगवेगळं दिलंत की मेलात. शिमग्याची, देवळाची वर्गणी न मागता द्या. तेवढ्यावर पुष्कळ निभावतं.

राईचं पण सांगते. ती पिकनिक स्पॉट नाहीये आणि ध्यानकेंद्र पण नाही, ती ग्रामदेवतेची आहे. बऱ्याच गावांत तिथलं सुकं लाकूड सुद्धा देवाचा कौल घेतल्याशिवाय उचलत नाहीत, काही राईंमध्ये चप्पल चालत नाही, काही ठिकाणी बायकांनी ठराविक दिवसांत यायचं नाही असले नियम पण असतात. ते शेवटचं मला पटत नाही आणि तुम्हालाही पटू नये. पण आधी गुरवाला किंवा मानकऱ्यांना विचारा, इथे बसलं तर चालेल का, आणि वाद घालायचाच असला तर दोन-तीन वर्षांनी घाला, आल्या आल्या नको. त्या नियमांमुळेच ती झाडं अजून उभी आहेत हेही खरंय. कारण बाकीचा डोंगर उभा राहीलच असं नाही. रत्नागिरी जिल्ह्यात सरकारी जंगल अगदीच थोडं, जे रान दिसतं ते बहुतेक लोकांच्या खाजगी मालकीचं, आणि दर काही वर्षांनी ठेकेदार येतो, कटर चालतो आणि ट्रक भरून जातात. तुमच्या पडवीतून दिसतो तो हिरवा डोंगर एखाद्या फेब्रुवारीत दोन आठवड्यांत बोडका होऊ शकतो. मार्चमध्ये वणवे. निसर्गावर प्रेम असणाऱ्या माणसाला कोकणात सगळ्यात जास्त त्रास याचा होतो, साप-विंचवाचा नाही. आणि तोडणारा कोण असतो, तर ज्यानं तुमची कौलं चाळली त्याचाच काका, त्याला पोरीच्या लग्नाला पैसे हवे असतात. काय बोलणार? मी तरी पहिल्या वर्षी काही बोलू नका असंच म्हणेन. स्वतःच्या वाट्याचं रान आहे का बघा सातबाऱ्यावर, ते तोडायला देऊ नका, वणव्याच्या आधी त्याच्या कडेनं गवत कापून जाळरेषा काढून घ्या. एवढं तुमच्या हातात आहे.

साप विचारला नाहीत पण भाऊ त्याचीच भीती घालत असणार. भीती खोटी नाहीये. नाग, घोणस, मण्यार आणि फुरसं, चारही आहेत, आणि रत्नागिरीत फुरशांची संख्या भरपूर. फुरसं वीतभर-हातभर, दगडांच्या गडग्यात आणि पालापाचोळ्यात बसतं, म्हणून हात घालायच्या आधी काठी घाला आणि संध्याकाळनंतर बॅटरीशिवाय अंगणात पण उतरू नका. मण्यार रात्री घरात येते, जमिनीवर झोपलेल्या माणसाला चावते आणि कधी कधी चावलेलं कळतही नाही. तेव्हा खाट आणि मच्छरदाणी, कडा गादीखाली खोचून, हे हौशीचं नाही, सक्तीचं. चावलाच तर ब्लेड मारायचं नाही, करकचून बांधायचं नाही, मांत्रिक नाही, हातपाय न हलवता १०८ ला फोन आणि हॉस्पिटल. या चारही सापांवर एकच लस चालते, पण ती आपल्याजवळच्या प्राथमिक केंद्रात आहे का की थेट देवरुखच्या ग्रामीण रुग्णालयातच जावं लागेल हे पहिल्याच आठवड्यात स्वतः जाऊन विचारून या, आणि रात्री गाडी घेऊन येईल अशा दोन रिक्षावाल्यांचे नंबर भिंतीवर खडूनं लिहून ठेवा. लाल विंचवाचं पूर्वी फार भय होतं, माणसं जायची. महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांनी प्राझोसिन नावाच्या ब्लडप्रेशरच्या साध्या गोळीनं ते चित्र बदललं, आता वेळेत पोचलात तर घाबरायचं कारण नाही. वेळेत हे महत्त्वाचं. म्हणून तुमच्या घराजवळ कुठल्या दगडावर उभं राहिलं की रेंज येते हे पाठ करा, रात्री काळोखात पण सापडलं पाहिजे. कुत्रा पाळणार असाल तर पाळा, पण रात्री घरात घ्या, बाहेर बांधलात तर बिबट्या नेतो. तिथे लोक त्याला वाघच म्हणतात.

राहता राहिला भाऊ. घर सगळ्यांचं आहे म्हणतो ते बरोबरच आहे की! आणि सगळ्यांत तुम्ही पण आलात. हिंदू वारसा कायद्यात २००५ साली दुरुस्ती झाली तेव्हापासून वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीचा मुलाइतकाच हक्क आहे, आणि वडील त्याआधी वारले असले तरी तो आहे हे सुप्रीम कोर्टानं ऑगस्ट २०२० मध्ये स्पष्ट केलंय, फक्त आधीच रीतसर वाटण्या झालेल्या नसाव्यात. लग्न केलंय की नाही याचा काही संबंध नाही. मला काळजी वेगळीच वाटते. आई गेल्यानंतर या वर्षभरात कुठल्या कागदावर सह्या केल्यायत का? "वारस नोंदीसाठी लागतंय, सही कर" म्हणून हक्कसोड पत्रावर सह्या घेतल्याची प्रकरणं माझ्याकडे इतकी येतात की आता मी प्रत्येक ताईला हेच आधी विचारते. भाऊ तसा नसेल, पण आठवून बघा. तसं काही झालं असेल तर वकील आधी, कौलं नंतर.

सामायिक घर आहे म्हणजे तुम्ही राहू शकता, पण दुरुस्तीला मोठा पैसा घालणार असाल तर त्याआधी भावाकडून साध्या कागदावर का होईना लिहून घ्या की अमुक खर्च हिनं केला. नाहीतर तुम्ही छप्पर नवीन करणार आणि दोन वर्षांनी वहिनींना अचानक गाव आवडायला लागणार. असं होतं हो. आणि भांडू नका, त्याला गणपतीला बोलवा, बायकापोरांसकट. घर उघडं, सारवलेलं, चुलीवर पाणी तापलेलं बघितलं की पुष्कळ भाऊ गप्प होतात, कारण बंद घर उघडायची लाज त्यांच्या पण मनात असतेच.

तर मेच्या पहिल्या आठवड्यात एकदा दिव्याहून सावंतवाडीची गाडी पकडा, संगमेश्वरला उतरा, कौलं, लाकूडफाटा आणि विहीर एवढी कामं उरकून या. जूनच्या मध्याच्या आसपास कोकण रेल्वेचं पावसाळी वेळापत्रक लागतं, गाड्यांच्या वेळा बदलतात, तेव्हा मुक्कामाला जायचं ते त्याच्या आधीच. त्याच मेच्या फेरीत ग्रामपंचायतीतून घराच्या असेसमेंटचा, म्हणजे घरपट्टीच्या नोंदीचा, उतारा आणि तलाठ्याकडून सातबारा काढा, तुमचं नाव त्यावर आहे का ते बघा. भावाला फोन त्यानंतर.